जाँ जोरेस : खाणकामगारांचा फ्रेंच खासदार, वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी जोरेसबद्दल बोलायला लागले की लोक तेच तेच प्रश्न विचारतात. सावरकरांच्या उडीपासून विषय निघतो आणि मग हा कोण, मंत्री होता का, त्याला मारलं कोणी असं सुरू होतं, म्हणून एकदाच सगळं सविस्तर लिहून ठेवतेय. काही उत्तरं लांबली आहेत कारण तिथे सांगण्यासारखं खूप आहे.

जोरेस म्हणजे नक्की कोण, आणि नाव म्हणायचं कसं?

जाँ जोरेस, जन्म १८५९, खून १९१४. फ्रान्सच्या दक्षिणेकडच्या तार्न जिल्ह्यातला खासदार. आधी फिलॉसॉफीचा मास्तर होता, नंतर पेपरचा संपादकही झाला, पण आयुष्याचं मुख्य काम विचाराल तर खासदारकी. फ्रेंच लोक शब्दातलं शेवटचं अक्षर बऱ्याचदा म्हणतच नाहीत पण या नावातला शेवटचा स म्हणतात. सुरुवातीचा ज मात्र आपल्या जगातला पण नाही आणि जिवातला पण नाही, श जरा घोगरा काढला तर जवळपास येतो, मराठीत नीट लिहिता येत नाही म्हणून मी सरळ जोरेस लिहिते. फ्रान्समध्ये त्याच्या नावाचे रस्ते, चौक, शाळा गावोगाव आहेत, पॅरिसमध्ये मेट्रो स्टेशन आहे आणि तुलूझमध्ये मेट्रोच्या दोन लाइन जिथे मिळतात त्या स्टेशनलाही त्याचंच नाव आहे.

आपला आणि त्याचा काय संबंध?

आहे ना, आणि तो आपल्याला शाळेत कोणी सांगत नाही. ८ जुलै १९१० ला सावरकरांनी मोरिया बोटीतून मार्सेलिसला उडी मारली, पोहत फ्रान्सच्या जमिनीवर पोचले, आणि तिथल्या फ्रेंच पोलिसानेच त्यांना धरून परत ब्रिटिशांच्या हवाली केलं, इथपर्यंतची गोष्ट आपल्याला पाठ असते. पुढे काय झालं? पॅरिसमध्ये मॅडम कामा होत्या, त्यांनी धावपळ केली, आणि ज्या फ्रेंच पेपरने हे प्रकरण लावून धरलं तो ल्युमानिते, म्हणजे 'मानवता', जोरेसने १९०४ मध्ये काढलेला पेपर. त्यात या विषयावर लिहिणारा जाँ लाँगे हा कार्ल मार्क्सच्या मुलीचा मुलगा आणि जोरेसचा सहकारी. त्यांचं म्हणणं साधं होतं, की माणूस एकदा आमच्या जमिनीवर आला, तो राजकीय कैदी आहे, मग त्याला आश्रय मागायची संधी न देता परत कसा दिलात. फ्रेंच सरकारने ब्रिटनकडे सावरकरांना परत मागितलं आणि केस हेगच्या लवादापुढे गेली. २४ फेब्रुवारी १९११ ला निकाल ब्रिटनच्या बाजूने लागला आणि सावरकर पुढे अंदमानात गेले. केस हरली तरी तो आवाज उठला होता हे विसरू नये असं मला मनापासून वाटतं.

शिवाय ऑगस्ट १९०७ ला श्टुटगार्टच्या समाजवादी परिषदेत मॅडम कामांनी भारताचा झेंडा फडकवला ना, त्याच परिषदेत जोरेस फ्रेंच प्रतिनिधींपैकी एक होता.

घरचा कसा होता? श्रीमंत?

नाही. घराण्यात दोन अ‍ॅडमिरल होते पण ते चुलत बाजूला. याचे वडील छोटामोठा व्यापार आणि थोडीफार शेती करून भागवायचे. पोरगा हुशार, एका शाळा इन्स्पेक्टरच्या नजरेत भरला, त्याने स्कॉलरशिपवर पॅरिसला न्यायची सोय केली. १८७८ ला एकोल नॉर्माल या पॅरिसच्या नामांकित कॉलेजच्या प्रवेश परीक्षेत पहिला आला (पुढे फिलॉसॉफीत जगभर गाजलेला बर्गसाँ त्याच बॅचचा), १८८१ ला मास्तरकीच्या सर्वोच्च परीक्षेत देशात तिसरा. एवढं झाल्यावर पॅरिसला न राहता तो तार्नमधल्याच आल्बीच्या शाळेत शिकवायला परत आला कारण आईवडील जवळ हवे होते. मग तुलूझच्या युनिव्हर्सिटीत.

पहिल्यांदा खासदार कसा झाला?

१८८५ ला, वय २६. त्या इलेक्शनला एकेक मतदारसंघ नव्हते, पूर्ण जिल्ह्यासाठी उमेदवारांच्या याद्या असायच्या, तार्नच्या रिपब्लिकन यादीत याचं नाव घेतलं आणि तो निवडून आला. तेव्हा तो समाजवादी वगैरे नव्हता, मवाळ रिपब्लिकन होता, राजेशाही परत येऊ नये आणि सगळ्या पोरांना सरकारी शाळा मिळावी एवढंच त्याचं राजकारण. पहिलं मोठं भाषण करायला त्याने वर्ष घेतलं आणि तेही प्राथमिक शाळांवर केलं. १८८९ ला पद्धत बदलली, पुन्हा एकेक मतदारसंघ झाले, आणि तो कास्त्र या आपल्या जन्मगावातून पडला.

पडल्यावर काय केलं?

परत शिकवायला लागला. तुलूझच्या नगरपालिकेत निवडून आला आणि शिक्षण खातं सांभाळलं, पेपरात नियमित लिहीत राहिला, डॉक्टरेटचे दोन प्रबंध १८९२ ला पूर्ण केले, त्यातला एक लॅटिनमध्ये, जर्मन समाजवादाच्या मुळांवर. एकोल नॉर्मालचा ग्रंथपाल ल्युसियाँ एर याच्याशी याच काळात गप्पा व्हायच्या. मला वाटतं ही पडलेली चार वर्षं नसती तर पुढचा जोरेस झालाच नसता, कारण पुस्तकातून समाजवाद डोक्यात आला होता पण पायाखाली जमीन नव्हती. ती जमीन कार्मोने दिली.

कार्मोमध्ये असं काय घडलं?

हा माझा सगळ्यात आवडता भाग आहे त्यामुळे जरा थांबून वाचा.

कार्मो हे तार्नमधलंच कोळशाच्या खाणीचं गाव. खाण कंपनीचा प्रमुख बॅरन रेय, त्याचा जावई मार्की द सोलाज, आणि हा जावईच तिथला खासदार. म्हणजे खाण त्यांची, मजुरी त्यांच्या हातात आणि पार्लमेंटमधली सीट पण त्यांचीच. मे १८९२ ला गावाने काय केलं, तर काल्विन्याक नावाच्या खाणकामगाराला, जो युनियनचा सेक्रेटरी होता, त्याला मेयर म्हणून निवडून दिलं. मेयरचं काम करायला त्याला कामावरून सुट्टी लागायची, कंपनीने ती द्यायला नकार दिला आणि ऑगस्टमध्ये त्याला काढूनच टाकलं.

कामगार उठले. पगारवाढीसाठी नाही, बोनससाठी नाही, तर आम्ही मत देऊन निवडलेला माणूस तुम्ही भुकेला लावू शकत नाही एवढ्या एका मुद्द्यावर त्यांनी अडीच महिने संप केला, ऑगस्टच्या मध्यापासून नोव्हेंबरच्या सुरुवातीपर्यंत. सरकारने तिथे सैन्य पाठवलं. जोरेसने पेपरात हा मुद्दा बरोब्बर पकडला, की मतदानाचा हक्क कागदावर सगळ्यांना आहे पण मालक जर मत दिल्याची शिक्षा करू शकत असेल तर ती लोकशाही खाणीच्या तोंडाशीच संपते, आत जातच नाही. शेवटी सरकारच्या मध्यस्थीने काल्विन्याकला परत घ्यावं लागलं आणि सोलाजने खासदारकीचा राजीनामा दिला.

रिकाम्या सीटसाठी कामगारांनी ज्याला बोलावलं तो हा तुलूझचा प्रोफेसर. जानेवारी १८९३ ला तो समाजवादी म्हणून निवडून आला. त्यानंतर मधली चार वर्षं सोडली तर मरेपर्यंत तो याच मतदारसंघाचा खासदार होता.

म्हणजे कार्मोमधून तो पण पडला?

हो, १८९८ ला, आणि पाडलं त्याच सोलाजने. मधल्या काळात तिथल्या काचेच्या कारखान्यात मोठा भडका झाला होता. १८९५ ला मालक रेसेगियेने युनियनची माणसं काढली, संप झाला, त्याने कारखानाच बंद केला आणि नवी भरती आपल्या अटींवर करायला लागला. मग काढलेल्या कामगारांनी ठरवलं की आपणच कारखाना काढू. देशभरातून वर्गणी जमली, एका बाईंनी एकटीने एक लाख फ्रँक दिले, आणि ऑक्टोबर १८९६ ला आल्बी गावात कामगारांच्या मालकीचा बाटल्यांचा कारखाना सुरू झाला. जोरेस स्वतः त्या सगळ्यात गुंतलेला. कार्मो सोडून आल्बीत कशाला यावरूनही बरीच भांडणं झाली, कार्मोच्या काही लोकांना ते लागलं. पुढच्याच इलेक्शनला सीट गेली. १९०२ ला परत आला, मग १९०६, १९१०, १९१४ तिन्ही वेळा.

इलेक्शनची पद्धत काय होती तेव्हा?

थोडक्यात सांगते. खासदार चार वर्षांसाठी, बहुतेक वेळा एका मतदारसंघातून एक. पहिल्या फेरीत कोणालाच निम्म्याहून जास्त मतं नाही मिळाली तर दोन आठवड्यांनी दुसरी फेरी, तिथे ज्याला जास्त तो आला. मत फक्त पुरुषांना. बायकांना फ्रान्समध्ये १९४४ पर्यंत मतदानाचा हक्कच नव्हता, जोरेस त्यांच्या हक्काच्या बाजूचा होता.

ड्रेफस प्रकरणात तो पहिल्यापासून योग्य बाजूला होता का?

नव्हता, आणि हे लपवू नये. कॅप्टन ड्रेफस हा सैन्यातला ज्यू अधिकारी, जर्मनीला गुपितं विकल्याचा खोटा आळ, १८९४ ला जन्मठेप. तेव्हा जोरेस सभागृहात काय बोलला, तर साध्या शिपायाने रागात बटण फेकून मारलं तर त्याला गोळी घालता आणि अधिकाऱ्याला मात्र जिवंत सोडता. म्हणजे ड्रेफस दोषी आहे हे त्याने धरूनच चाललं होतं. त्या भाषणापायी त्याला सभागृहातून तात्पुरतं काढलं पण होतं.

मत बदललं ते कागद बघून. १८९८ ला तो झोलाच्या खटल्यात (ड्रेफसच्या बाजूने लिहिलं म्हणून या कादंबरीकारावर खटला भरला होता) साक्षीला उभा राहिला, इलेक्शन पडला, आणि मग हातात खासदारकी नसताना ऑगस्टपासून पेपरात लेखमाला लिहिली ज्यात एकेक पुरावा सोलून दाखवला की हा कागद बनावट आहे, हा शब्द त्या माणसाचा असूच शकत नाही. ऑगस्टच्या शेवटी सैन्याच्या गुप्तचर खात्यातल्या कर्नल आँरीने कबूल केलं की तो मुख्य कागद त्यानेच बनवला होता, आणि दुसऱ्या दिवशी कोठडीत जीव दिला. समाजवाद्यांमधलेच बरेच जण म्हणत होते की हे श्रीमंतांचं आपसातलं भांडण आहे, कामगारांचा काय संबंध. त्याचं उत्तर असं होतं की अन्यायाने चिरडला गेल्यावर तो अधिकारी राहत नाही, वर्गाचा राहत नाही, नुसता माणूस उरतो. मला त्याचं हे वळण सगळ्यात मोठं वाटतं, कारण चार वर्षांपूर्वी आपणच उलटं बोललो होतो हे गिळून त्याने हे केलं. परत निवडून आल्यावर १९०३ ला त्याने प्रकरण पुन्हा सभागृहात उघडलं आणि १९०६ ला ड्रेफस निर्दोष ठरला.

एवढा मोठा नेता, मग मंत्री का नाही झाला?

हा प्रश्न तर हमखास येतो. मिळू शकलं असतं. १८९९ ला मिलराँ नावाचा समाजवादी मंत्री झाला तेव्हा जोरेसने त्याला पाठिंबा दिला होता, त्यावरून समाजवाद्यांत उभी फूट पडली. १९०२ नंतर पंतप्रधान काँबच्या सरकारला टिकवून धरणाऱ्या डाव्या आघाडीत जोरेसचं वजन एवढं होतं की १९०३ ला तो सभागृहाच्या उपाध्यक्षांपैकी एक होता. पण १९०४ ला ॲमस्टरडॅमच्या आंतरराष्ट्रीय परिषदेने ठराव केला की समाजवाद्यांनी भांडवलदारांच्या सरकारात बसायचं नाही आणि सगळ्यांनी एक पार्टी करायची. जोरेस त्या ठरावाच्या विरोधात बोलला, हरला, आणि मग तो मानला. १९०५ ला एकत्र पार्टी झाली. ब्रियाँ, मिलराँ, व्हिव्हियानी हे सोबतचे लोक बाहेर पडून मंत्री झाले, ब्रियाँ आणि व्हिव्हियानी तर पंतप्रधान झाले, आणि हा बाकावरच राहिला. कोणी म्हणेल संधी घालवली. मला तसं वाटत नाही, फुटलेले पाच गट एकत्र ठेवायचे तर कोणीतरी खुर्ची सोडायला लागते आणि ती त्याने सोडली.

मग नुसता खासदार राहून केलं तरी काय?

बरंच. १९०५ चा धर्म आणि सरकार वेगळं करणारा कायदा घ्या. मांडणारा ब्रियाँ, पण चर्चच्या इमारती कोणाच्या ताब्यात द्यायच्या या चौथ्या कलमावर कट्टर डावे भडकले होते, त्यांना कॅथलिक चर्चमध्ये फूटच पाडायची होती. जोरेस तिथे ब्रियाँच्या बाजूने उभा राहिला, की श्रद्धा ठेवणाऱ्या साध्या माणसाला त्याचं चर्च त्याच्या पद्धतीने चालवू द्या. ३४१ विरुद्ध २३३ मतांनी तो कायदा सभागृहात पास झाला आणि आजही लागू आहे.

१९१० ला कामगार आणि शेतकऱ्यांच्या पेन्शनचा कायदा आला, वय ६५. कामगार संघटना म्हणाल्या की ही मेलेल्यांची पेन्शन आहे, ६५ पर्यंत जगतो कोण, आणि ते काही खोटं नव्हतं. जोरेस तरी बाजूने बोलला, कारण हक्क एकदा कायद्यात आला की वय नंतर खाली आणता येईल, पण दारच उघडलं नाही तर काहीच नाही.

आणि फाशी. नोव्हेंबर १९०८ ला फाशी रद्द करायच्या बाजूने त्याने भाषण केलं, की हे ख्रिस्ताच्याही विरुद्ध आहे आणि क्रांतीच्याही. ठराव ३३० विरुद्ध २०१ ने पडला. फ्रान्समध्ये फाशी गेली ती १९८१ ला, आणि तेव्हा कायदामंत्री बादँतेरने सभागृहात जोरेसचीच वाक्यं वाचून दाखवली. ७३ वर्षांनी.

बोलायचा कसा?

दक्षिणेचा जाड हेल, पूर्ण अंग हलायचं, आवाज माइकशिवाय मैदान भरून टाकणारा. २५ मे १९१३ ला पॅरिसजवळ ल प्रे सँ-जेर्व्हेला सक्तीची सैनिकी सेवा दोनाची तीन वर्षं करण्याविरुद्ध सभा झाली तिथे दीड लाख लोक होते असं सांगतात, झेंड्याची काठी धरून बोलतानाचा त्याचा फोटो तिथलाच आहे. त्याचा राजकीय विरोधक क्लेमान्सो म्हणायचा की जोरेसचं भाषण ओळखायची खूण म्हणजे सगळी क्रियापदं भविष्यकाळात असतात. पण गावाकडे गेला की तो शेतकऱ्यांशी ऑक्सिताँमध्ये, म्हणजे तिथल्या बोलीत बोलायचा, आणि शाळेत ती बोली पण शिकवा असं १९११ मध्ये लिहायचा, ज्या काळात ती बोलली म्हणून पोरांना शाळेत शिक्षा व्हायची. माझ्या दृष्टीने हे त्या मोठ्या सभांपेक्षा कमी नाही.

तो देशाच्या विरोधात होता का? त्याला जर्मनीचा एजंट म्हणायचे ना?

म्हणायचे, आणि ते खोटं होतं. त्याने १९१० ला सैन्याच्या फेररचनेचं पूर्ण बिल मांडलं होतं, देशाचं रक्षण सगळ्या नागरिकांनी मिळून करायचं, बराकीत वर्षानुवर्षं पोरं कोंडायची नाहीत. मोरोक्को बळकावायच्या मोहिमांना त्याने विरोध केला. तरुणपणी तो स्वतः वसाहतींच्या बाजूने बोलला होता हेही खरं, इथेही मत हळूहळू बदललं. १९१४ च्या इलेक्शनला त्याच्या पार्टीला शंभराच्या आसपास सीट मिळाल्या, म्हणजे देशात ऐकणारे होते. पण काही पेपर त्याला गोळी घाला असं उघड छापायचे.

खून कसा झाला?

२९ जुलै १९१४ ला तो ब्रसेल्सला होता, युरोपातले समाजवादी मिळून येऊ घातलेलं युद्ध (पुढचं पहिलं महायुद्ध) कसं थांबवायचं याची बैठक होती. ३१ ला पॅरिसमध्ये मंत्र्यांच्या गाठी घेतल्या, रशियाला आवरा म्हणून सांगितलं. रात्री पेपरसाठी मोठा लेख लिहायचा होता, त्याआधी सहकाऱ्यांबरोबर माँमार्त्र रस्त्यावरच्या क्रॉसाँ कॅफेत जेवायला बसला. उकाडा होता, खिडकी उघडी, तो खिडकीला पाठ करून. पावणेदहाच्या सुमारास राउल व्हिलँ नावाच्या २८ वर्षांच्या माणसाने बाहेरून पडदा सारून दोन गोळ्या झाडल्या. दुसऱ्या दिवशी सैन्य गोळा करायचे आदेश निघाले, ३ ऑगस्टला जर्मनीने युद्ध पुकारलं, ४ ला अंत्ययात्रा.

व्हिलँचं काय झालं?

युद्ध चालू असेपर्यंत तुरुंगात ठेवला, खटला चालवला १९१९ ला. २९ मार्चला ज्युरीने त्याला निर्दोष सोडलं. वरून खटल्याचा खर्च जोरेसच्या बायकोवर टाकला. ज्या बाईचा नवरा मारला आणि जिचा एकुलता एक मुलगा लुई जून १९१८ ला १९ व्या वर्षी त्याच फ्रान्ससाठी लढताना मेला, तिच्यावर. हे वाचून मला अजूनही त्रास होतो. व्हिलँ नंतर स्पेनच्या इबिझा बेटावर जाऊन राहिला आणि १९३६ च्या यादवीत तिथे मारला गेला.

२३ नोव्हेंबर १९२४ ला जोरेसला पॅन्थिऑनमध्ये, म्हणजे पॅरिसमधल्या देशाच्या थोरांच्या समाधिस्थळी नेलं. सोबत कार्मोचे खाणकामगार चालत होते, कामाच्या कपड्यांत.

फ्रान्सला गेले तर बघायला काय आहे?

कास्त्रमध्ये, जिथे तो जन्मला, त्याच्या नावाचं म्युझियम आहे. कार्मोच्या चौकात पुतळा आहे, भोवती कामगारांच्या मूर्ती. तुलूझहून दोन्ही गावं एका दिवसात होतात पण घाई होते, दोन दिवस काढा. पॅरिसमध्ये पॅन्थिऑन तर सगळेच बघतात, त्यानंतर मेट्रोने माँमार्त्र रस्त्यावर या, तो कॅफे अजून तिथे आहे आणि भिंतीवर ३१ जुलै १९१४ ची पाटी आहे.